शनिवारचे बस्ते

ही गोष्ट कुणाला सांगायची नाही, असं खुशालरावांनी आम्हा मुलींना बजावलं होतं. ते एका कचेरीत चपराशी होते. गावाचं नाव मी लिहीत नाही. कंदील बारीक करून त्यांनी सांगितली, तशीच लिहिते.

गोवर्धनबाबू त्या कचेरीतला नवा रेकॉर्डकीपर. शेतांचे जुने कागद लाल कापडात बांधून मांडणीवर ठेवलेले असत. एकेका गठ्ठ्याला बस्ता म्हणत. वाळवी बस्ता आतून खाते. वरचं कापड जसंच्या तसं राहतं. म्हणून आधीचे चिंतामणबाबू दर शनिवारी मूठ वळून प्रत्येक बस्ता वाजवीत. भरीव वाजला तर वहीत ‘ठीक’. पोकळ वाजला तर लगेच सोडून उन्हात. चैत्रात ते तापानं गेले.

“बाबूजी, शनिवार हाये. बस्ते वाजवा ना,” खुशालराव म्हणत.

“काहून? बस्ते हायेत का टरबुजं?” गोवर्धन हसे आणि खुर्चीत बसूनच ‘ठीक’ लिही.

१९५८ साल. पोळ्यानंतरची तिसरी रात्र. त्या दुपारी वच्छलाबाई आली होती. नवरा वारलेला, दीर चार एकर वावर बळकावून बसलेला. उद्या अकोल्याला तारीख.

“बाबू, माह्या वावराचा कागद हाये ना जाग्यावर? तो नसला त लेकरं घेऊन मी जाऊ कुठी?”

“हाये ना बाई. पहाटच्या मोटारीआधी नक्कल घेऊन जा.”

उरलेला दिवस साहेबांच्या दौऱ्यात गेला. रात्री साडेनऊला गोवर्धननं रेकॉर्डच्या खोलीचं कुलूप काढलं. खुशालराव बाहेर ओट्यावर बसले. आत काय झालं, ते गोवर्धननंच त्यांना नंतर सांगितलं.

कोपऱ्यातून आवाज आला. टक टक. भरीव.

“कोण हाये?”

टक टक. पुढचा बस्ता. तोही भरीव. कुणीतरी सावकाश, एकही न वगळता, येत होतं. त्यानं कंदील वर धरला. मांडणीपाशी कुणी नव्हतं.

टक टक...

पोकळ.

आवाज थांबला. बस्ता वच्छलाबाईच्या गावाचा होता. त्यानं गाठ सोडली. कापड हातात राहिलं. आतली माती भसकन पायांवर पडली. एक अक्षर उरलं नव्हतं.

त्याला हाक मारायची होती. तो दाराकडे वळला.

टक टक. मागच्या मांडणीवर. मग जवळ. मग अगदी जवळ. बस्ते संपले.

टक टक.

त्याच्या पाठीवर.

बराच वेळ तो बाहेर येईना, तेव्हा खुशालरावांनी आत जाऊन त्याला ओढूनच बाहेर आणलं.

वच्छलाबाई खटला हरली. दोन लेकरं घेऊन मोर्शीकडे संत्री तोडायला गेली, ती परत दिसली नाही. गोवर्धन कचेरीत जाईना, जेवेना. त्याच्या बायकोला, सिंधूला, त्या रात्रीच्या सदऱ्यावर मागच्या बाजूला वाळवीच्या मातीचे चार ठसे दिसले. मुठीच्या चार हाडांचे. तिनं सोड्यानं तीनदा धुतले, निघाले नाहीत. सदरा खुशालरावांनी स्वतः पाहिला आहे.

मग एका रात्री तो झोपलेला असताना तिनं त्याची बंडी वर केली. तेच चार ठसे. पाठीवर. ओल्या पदरानं पुसले, जाईनात. तिनं श्वास रोखला, मूठ वळली, आणि ठशांवर हलकेच वाजवून पाहिलं. तर आतून—

खुशालरावांची गोष्ट इथवर आली, तेवढ्यात स्वयंपाकघरातून आईनं मला हाक मारली, “शालू! दिवा आण वं इकडे, मले काही दिसून नाही राहिलं!”