परत आलेल्या वाट्या

तो तिला पहिल्यांदा भेटला तेव्हा तिच्या कडेवर एक कोबी होता.

त्यात तिचा काही दोष नव्हता. सकाळचे सात वाजले होते, सामानाची ट्रॉली एका चाकाने संपावर गेली होती, आणि दहा गड्डे पोत्यातून आत नेल्यावर अकरावा, सगळ्यात लठ्ठ, तेवढा उरला होता. त्याची पानं मोडू नयेत म्हणून तिने तो टॉवेलात गुंडाळला होता. कँटीनच्या मागच्या दारात एक उंच, किडकिडीत माणूस वजनाचा काटा छातीशी धरून उभा होता. आतल्या वाफेने त्याच्या चष्म्यावर धुकं धरलं होतं. त्याने कोपराने दार उघडून धरलं, टॉवेलाकडे बघितलं आणि आवाज एकदम खाली आणला.

"किती महिन्यांचा?"

ती इतकी दमलेली होती की तिला हसणंही झेपलं नाही. "सव्वादोन किलोंचा."

"कमीच आहे," तो काळजीने म्हणाला.

"कोबी आहे."

त्याने काटा खाली ठेवला, चष्मा काढला, शर्टाला पुसला, परत घातला. मग बराच वेळ कोबीकडे बघत राहिला.

"हो..." तो म्हणाला. "तरी गोड आहे."

दिवसाची सुरुवात याहून वाईट होऊ शकत नाही असं तिला वाटलं. दहा वाजता मॅनेजरने सगळ्यांना बोलावलं आणि ती कशी होऊ शकते ते समजावून सांगितलं.

हे एका मोठ्या ऑफिसचं कँटीन. दुपारी सहाशे माणसं जेवायची. स्वयंपाकघरात तिला सगळे कोबीताई म्हणत, कारण रोजचा कोलस्लॉ, म्हणजे कच्च्या कोबीची दही घातलेली गार कोशिंबीर, तिचा. त्याआधी सात वर्षं ती तळणाच्या कढईपाशी उभी होती. सात वर्षांनी छातीतून शिट्टी वाजायला लागली, तेव्हा डॉक्टर म्हणाले, तेलाच्या धुरापासून लांब राहा. मग तिला फ्रीजजवळचा थंड कोपरा मिळाला. एक स्टीलचं टेबल, एक सुरी आणि एक स्टूल. अख्ख्या स्वयंपाकघरात बसायला मिळेल अशी ती एकच जागा होती, आणि तिच्या आयुष्यातली आत्तापर्यंतची सगळ्यात मोठी बढती म्हणजे ते स्टूल.

"हे महिनाभर आपल्याकडे असतील," मॅनेजर त्या किडकिडीत माणसाकडे बोट दाखवून म्हणाला. "लोक ताटात काय काय टाकून देतात ते रोज वजन करून मला देतील. महिनाअखेर जो पदार्थ सगळ्यात जास्त परत येईल, तो बंद."

"आणि कोलस्लॉ बंद झाला तर माझा कोपरा?" तिने विचारलं.

"त्याऐवजी काकडी ठेवू. ती काय, कुणीही कापेल. कढईपाशी माणूस कमीच आहे."

दुसऱ्या दिवसापर्यंत त्या माणसाचं नाव वजनकाटा पडलं होतं. उष्टी ताटं परत यायच्या खिडकीशी, भांडी घासणाऱ्या मावशींच्या शेजारी तो उभा राहायचा, आणि प्रत्येक पदार्थाचं उरलंसुरलं वेगवेगळ्या बादलीत ओतून तोलायचा.

आठवडा संपला तशी ती खिडकीशी गेली.

"माझं किती?"

"रोजचं नऊ किलो."

"दुसऱ्या नंबरावर कोण?"

"सूप. सहा."

ती भिंतीला टेकली. चोवीस किलोतलं नऊ. म्हणजे रोज सकाळी चार गड्डे ती फक्त परत येण्यासाठी चिरत होती.

"तुम्ही चाखून बघितलाय कधी?"

"मला इथलं खायची परवानगी नाही. मनात आवडनिवड तयार होते म्हणे."

"आणि तुमच्या मनात काहीच तयार होत नाही?"

त्याच्या चष्म्यावर पुन्हा वाफ धरली. या वेळी तर मावशी गार पाण्याने भांडी विसळत होत्या. "एकच आठवडा झालाय..." तो म्हणाला.

"याला लग्नाची घाई नाही," मावशी बादलीला उद्देशून म्हणाल्या.

पुढच्या सोमवारपासून तिने कोलस्लॉला फळं लावली. सफरचंदाच्या बारीक काड्या, लिंबू पिळून, काळ्या पडू नयेत म्हणून. बुधवारी अननस. मग सोललेली संत्री. वरून दही, मेयोनीज, मध, थोडी मोहरीची पूड आणि मूठभर बेदाणे. आंबटगोड, कुरकुरीत, आणि वास असा की फ्रीज उघडणारा प्रत्येक जण दोन क्षण तिथेच घुटमळायचा. अशी चव बायको रुसल्यावर उपयोगी पडेल, असं कढईवाला म्हणाला. त्याला बायको नव्हती, पण तो तयारीत राहणारा माणूस होता.

"अननसाने दहा," वजनकाटा शुक्रवारी म्हणाला. "संत्र्याने अकरा."

"म्हणजे जितकं चांगलं करते तितकं लोक टाकतात?"

"आकडा तसं म्हणतोय."

"आणि तुम्ही?"

"मी आकड्याच्या बाजूने बोलायला बांधील आहे." मग जरा थांबून, "वास... माझ्या शर्टाला लागून घरी येतो. मी तो शर्ट धुवायला टाकत नाही."

"थोडं कमी लिहा ना मग."

"नाही जमणार," तो म्हणाला. एवढ्या दुःखाने म्हणाला की तिलाच त्याची दया आली. स्वतःची यायला हवी होती, पण दोघांची करायला अंगात त्राण नव्हतं.

घरून आईचा फोन रोज यायचा.

"कोणी भेटलं का गं?"

"भेटले. अकरा."

"अकरा?"

"गड्डे, आई. ठेवते. हात दुखतोय."

महिना संपायला दोन दिवस राहिले तेव्हा तो तिच्या कोपऱ्याशी आला. हातात घरची, दांडा वाकडा झालेली चहाची गाळणी होती.

"मी तुमचा कोलस्लॉ गाळला," तो म्हणाला.

तिने सुरी खाली ठेवली. तिच्याशी आजवर अनेकांनी ओळख वाढवायचा प्रयत्न केला होता, पण या दिशेने कुणी आलं नव्हतं.

"का?"

"काल एक वाटी उचलली, तर भरलेली, आणि तरी आतलं सगळं डुचमळत होतं. मग सगळ्याच गाळल्या. अकरा किलोंत कोबी-फळं मिळून दीड किलो. बाकी सगळं पाणी. लोक खातात हो. चाटून खातात. वाटीत फक्त पाणी उरतं, आणि मी... महिनाभर ते पाणी तोलत बसलोय."

तिला रोजची सकाळ आठवली. मॅनेजरची नऊला फेरी असायची, आणि फेरीला प्रत्येक पदार्थ तयार दिसला पाहिजे असा त्याचा हट्ट. म्हणून ती आठलाच मीठ, दही, फळं सगळं कालवून ठेवायची. बारा वाजेपर्यंत मिठाने कोबी रडायचा, संत्री त्याला साथ द्यायची, आणि वाढणारा डावाने वाटी काठोकाठ भरायचा. गाळणीएवढी सोपी गोष्ट, आणि दोघांपैकी कुणालाच सुचली नव्हती. तिने वाटी परत येताना कधी पाहिली नव्हती, आणि त्याने खाल्ली जाताना.

"मग आता?"

"आता मी सांगतो, की माझा महिना चुकला."

"तुमच्या ऑफिसात चालेल?"

"नाही," तो म्हणाला आणि गेला.

मॅनेजरने ऐकून घेतलं. "नियम वजनाचा आहे," तो म्हणाला. "पाणी असो नाहीतर सोनं. पण चूक तुमची, म्हणून उद्याचा एक दिवस देतो. तीन किलोंच्या आत आलं तर कोलस्लॉ राहील. आणि तुमच्या साहेबांना मी कळवणारच."

"कळवा," वजनकाटा म्हणाला. "गाळणीचंही कळवा."

शेवटच्या दिवशी तो सकाळी सातला कोपऱ्यात हजर झाला. डोक्यावर कागदी टोपी, बाह्या वर.

"तुम्हाला इथे यायची परवानगी आहे?"

"नाही. पण महिनाभर नियमाने वागलो, त्याचं काय झालं ते बघितलंच."

तिने कोबी बारीक चिरून मीठ चोळून ठेवला. अर्ध्या तासाने तो नरमला. मग दोघांनी मिळून तो पिळला. एका पातळ फडक्यात कोबी, एक टोक तिच्या हातात, एक त्याच्या, आणि दोघं उलट दिशांना पीळ देत. पाणी धो धो बादलीत. पीळ जसा घट्ट होत गेला तसं फडकं आखूड झालं, आणि फडक्याबरोबर मधलं अंतरही. पाचव्या पिळाला त्याची बोटं तिच्या बोटांना लागली. कोबीच्या पाण्याने गार झालेली, मिठाने चरचरणारी.

"सोडू नका," ती म्हणाली. "कोबी सांडेल."

"नाही सोडत," तो म्हणाला. कोबीबद्दल म्हणाला की कसं, ते तिने विचारलं नाही. अजून आठ गड्डे बाकी होते.

संत्र्याच्या फोडी चाळणीत निथळत ठेवल्या. दही फडक्यात टांगलं. अननस कोरडा करून घेतला. नऊ वाजता मॅनेजरला फेरीत सुकी फळं आणि सुका कोबी वेगवेगळे दिसले, त्याचा चेहराही तसाच झाला, पण तो पुढच्या टेबलाकडे वळला. बरोबर बाराला तिने सगळं एकत्र केलं.

दुपारी तीनला काउंटर बंद झाला. ती स्टुलावर बसली होती, चपला काढून, पाय थंड फरशीवर टेकवून. खांदे इतके दुखत होते की निकाल काय लागला ते विचारायला उठावंसं वाटेना. निकाल स्वतःच चालत आला.

"सातशे ग्रॅम," तो म्हणाला.

"पाणी?"

"नाही. सगळे बेदाणे."

"मलाही नाही आवडत."

"मग घालता कशाला?"

"मॅनेजरला आवडतात."

"सूप बंद झालं," तो म्हणाला. "मी गाळून बघितलं. त्याला काही बचाव नव्हता."

ती हसली. महिन्याभरात पहिल्यांदा, आणि तेही अर्धंच, कारण पूर्ण हसायला पाठ लागते.

"तुमच्या साहेबांचं काय?"

"ओरडले. मग म्हणाले, उद्यापासून दुसरं कँटीन. गावाच्या दुसऱ्या टोकाला. गाळणी बरोबर न्या."

"हं," ती म्हणाली.

फ्रीज घरघरला, थांबला. त्याने खिशातून चमचा काढला.

"माझं इथलं काम आत्ता संपलं. आता आवडनिवड चालते. उरलाय का थोडा?"

तिने वाटी भरून दिली. तो उभ्यानेच खायला लागला, सावकाश, प्रत्येक घासाला थांबून, जणू महिनाभराचा हिशेब तोंडात चुकता करत होता. बेदाणेसुद्धा खाल्ले. शेवटी वाटी तिच्यापुढे उपडी धरली. एक थेंब पडला नाही.

"महिनाभर मी लोकांना काय नको ते तोललं," तो म्हणाला. "काय हवं ते कसं सांगतात... ते मला कुणी शिकवलेलं नाही."

"तोंडाने सांगतात."

"तुम्ही मला..." चष्म्यावर धुकं धरलं. या वेळी त्याने तो पुसला नाही. "पहिल्या दिवसापासून. तो कोबी होता तेव्हापासून."

तिने त्याच्याकडे बघितलं. सात वर्षं कढई, एक वर्ष कोबी, आणि आता हा वाफाळलेला माणूस, हातात रिकामी वाटी घेतलेला. तिच्या छातीतून शिट्टी वाजली नाही. वेगळंच काहीतरी वाजलं.

"बसून बोल," ती म्हणाली. "उभ्याउभ्या बोलणाऱ्यांचं मी ऐकून ऐकून दमले."

"स्टूल एकच आहे."

"दिसतंय मला."

ती सरकली. ते स्टूल एका माणसाचं होतं, आणि तेही बारीक माणसाचं. प्रत्येकाच्या वाट्याला अर्धं आलं. दोघांना पाय फरशीवर रोवून, खांद्याला खांदा लावून बसावं लागलं. एक उठला असता तर दुसरा नक्की पडला असता.

दोघंही फार दमले होते. कोणीच उठलं नाही.