खमिऱ्यांची लादी

मोरिवलीत, एमआयडीसीच्या भिंतीला लागून असलेली एक बंद बेकरी मी आणि माझी नणंद भारती, दोघींनी मिळून भाड्याने घेतली. मी आधी एका कंपनीच्या लॅबमध्ये होते. पीठ, खमीर, तापमान, सगळं मोजूनमापून करायची मला सवय. भारतीला माणसं जोडता यायची. कँटीनच्या ऑर्डरी तिनेच आणल्या. आत विटांची जुनी भट्टी होती. ती बंदच ठेवायची आणि इलेक्ट्रिक ओव्हनवर काम करायचं, असं आमचं ठरलं होतं.

एका सकाळी शटर उघडलं, तर भट्टी कोमट होती. आत पावाची एक लादी, वरून तांबूस, छान फुललेली.

भारतीने परस्पर बाहेरची ऑर्डर घेतली असणार, हेच पहिलं डोक्यात आलं. दोन दिवसांनी पुन्हा लादी. मी मैद्याची गोणी वजनकाट्यावर चढवली. मैदा कमी झाला नव्हता.

"वहिनी," तिनेच विचारलं, "तू पहाटे एकटी येऊन जातेस का गं?"

"मी? मला वाटलं तू."

ती हसली, पण तिचा विश्वास बसला नव्हता. माझाही नाही.

समोर सुकी मासळी विकणाऱ्या द्रौपदीआजींना विचारलं, तर त्यांनी माशा वारायचा हात थांबवला. "ते खमिरे, बाय. मेलेले पाववाले. भट्टी थंड परली का त्यांना करमत नाय. लादी कुत्र्यांना घाल, पन तू खाव नको. खाणाऱ्याला ते आपल्यातला करतान."

मी मान डोलावली आणि त्याच दुपारी कुलूप बदललं. दोन्ही चाव्या माझ्याकडे ठेवल्या. भारतीने ते पाहिलं.

दुसऱ्या दिवशी आम्ही बरोबरच गेलो. कुलूप जसंच्या तसं. आत भट्टीची धग अंगावर आली. राख मात्र कुठेच नव्हती.

"आता तरी पटलं?" भारती चिडून म्हणाली. "माझ्यावर संशय घेत होतीस ना?" आणि तिने भट्टीतली लादी ओढून एक पाव तोडला.

"खाऊ नकोस."

"तू पण ना, वहिनी! त्या आजीचं काय ऐकतेस?"

तिने तो खाल्ला. मग दुसरा. मग उभ्या उभ्या सगळी लादी. मी हात धरला, तर तिने तो झटकला.

त्यानंतर भट्टी तीच सांभाळू लागली. ओव्हन लावायचा नाही म्हणाली. तापलेले पत्रे फडक्याशिवाय बाहेर काढायची. कपाळावर घामाचा थेंब नाही. डबा उघडायची नाही. विचारलं की म्हणायची, "भूक नाही गं." पाव मात्र असा व्हायचा की शिफ्ट सुटली की गेटपासून रांग लागायची.

मी नवऱ्याला, म्हणजे तिच्या भावाला, सांगितलं. त्याला वाटलं, धंद्यावरून आमचं बिनसलंय.

शेवटी एका दुपारी मी तिचा हात घट्ट धरला. "चल घरी. आत्ताच्या आत्ता."

तिने ओढून घेतला नाही. हात गरम होता, आणि फार मऊ.

मी सोडला.

तिच्या मनगटावर माझ्या बोटांचे खोल खळगे उमटले होते. आम्ही दोघी बघत होतो. ते हळूहळू फुगून वर आले.