निमदरीच्या पंचनाम्यावरची सही

विषय : मौजे निमदरी, तालुका कंधार येथे नावफेराच्या सणादिवशी चुकून झालेली सही रद्द करण्याबाबत.
संदर्भ : अर्जदार माणिकप्पा उजळंबे, अव्वल कारकून, यांचा अर्ज.

उपरोक्त विषयी हकीकत अशी, की माणिकप्पा निमदरीला गेले ते शिधापत्रिकांच्या पडताळणीसाठी. वैशाखातली सकाळ होती. एसटीनं फाट्यावर सोडलं, तिथून बस्ता काखेत मारून ते चालत चावडीवर पोचले. जमलेल्या गावापुढं त्यांनी यादी उघडली आणि पहिलं नाव पुकारलं, "शरणम्मा शिवप्पा."

झुपकेदार मिशांचा एक गडी उभा राहिला. "हाव, मीच."

दुसरं नाव गुरुबसप्पा. एक म्हातारी पदर सावरत पुढं आली. सातव्या नावाला तर शेळी ढकलण्यात आली. माणिकप्पांनी यादी मिटली. एकतीस वर्षांच्या नोकरीत त्यांनी बोगस लाभार्थी ढिगानं पाहिले होते, पण इतके हसतमुख नव्हते.

मग नावआईच्या देवळाची पुजारीण नागुबाई त्यांना समजावायला बसली. तिच्या पणजीच्या काळी पटकीची साथ आली, तेव्हा वरून एक कारकून यादी घेऊन उतरला. तो नाव पुकारी, आणि जो 'हो' म्हणे तो संध्याकाळपर्यंत संपे. बायांनी नावआईपुढं साऱ्या गावाची नावं अदलून-बदलून टाकली. नावाला माणूस जुळेना, कारकून हात हलवत परत गेला. पण सरकारी काम ते, अर्धवट कसं सुटणार? तो दरसाल त्याच दिवशी येतो, आणि गाव दिवस मावळेपर्यंत उसन्या नावानं वावरतं. चावडीत त्याच्यासाठी खुर्ची टाकतात, चहा ठेवतात. पाहुण्याला तोंड कोरडं ठेवून कशाला धाडायचं, असा गावाचा विचार.

"साहेब, तुमी बी नाव घ्या उसनं," नागुबाई म्हणाली. "आज उघड्या नावानं बसू नका."

अडचण एवढीच होती, की नावं सगळी वाटून झालेली. उरलं होतं ते तिच्या म्हशीचं, चंद्री. माणिकप्पांनी नम्रपणे नकार दिला. सेवापुस्तकात तशी नोंद नाही, असं कारण दिलं. बाई रागावली नाही. निदान नाव कुणाला सांगू नका, एवढं बजावून ती सणाचा स्वयंपाक बघायला गेली.

भर दुपारी गाव जेवायला पांगलं. चावडीत ते एकटे उरले. वारा पडला. निंबाचं पान हलेना. वाशात भुंगा गुणगुणत होता, तोही गप्प झाला. मग वास आला, ओल्या शाईचा आणि कित्येक वर्षं न सोडलेल्या दप्तराचा. दुसरा कुणी दचकला असता. माणिकप्पांची हयात त्या वासात गेलेली, त्यांना उलट घरच्यासारखं वाटलं. त्यांनी मान वर केली.

समोरच्या खुर्चीत एक माणूस बसला होता. काळा कोट, गुडघ्यावर रजिस्टर. चहाला त्यानं हात लावला नव्हता.

"दरसाल हाच ताप..." तो हलक्या आवाजात म्हणाला. "नाव आहे... माणूस आहे... मेळ नाही."

माणिकप्पांनी रजिस्टरात डोकावलं. अक्षर मोत्यासारखं, आणि प्रत्येक ओळीपुढं 'मिळून आला नाही'. त्यांच्या अंगावर काटा आला, पण त्याहून आधी प्रकरणाची कीव आली. एवढी वर्षं एक फाइल उघडी? ते म्हणाले, पंचनामा करा, पंचाची सही घ्या आणि प्रकरण बंद करून टाका. गाव सुटेल, तुम्हीही सुटाल.

"पंच कुठून आणू... मला इथं कुणी नाव सांगत नाही."

माणिकप्पांनी नाव सांगितलं नाहीच. बाईचा शब्द त्यांनी तंतोतंत पाळला. फक्त पेन काढून संपूर्ण नावानिशी, हुद्द्यासह सही केली. सहीची रिकामी जागा दिसली की त्यांचा हात आपोआप चाले.

त्या माणसानं एकेका अक्षराखाली बोट फिरवलं.

"माणिकप्पा... म्हणजे तुम्हीच?"

"हो."

"मिळाला," तो म्हणाला, आणि पहिल्यांदाच हसला. तो उठला तेव्हा खुर्ची कुरकुरली नाही. उन्हात तीन पायऱ्या उतरला. चौथीवर कुणी नव्हतं.

नागुबाई ताट घेऊन आली, ती दारातच थबकली. सगळं ऐकून तिनं ताट खाली ठेवलं.

"साहेब," ती म्हणाली, "दिवसभर म्हैस व्हायला काय झालं होतं?"

"आता...?"

"आता अर्ज करा. तोंडी त्यो ऐकत न्हाई."

माणिकप्पांनी मसुदा चोख उतरवला. 'अर्जदार हा पंच असून लाभार्थी नाही, सबब नोंद रद्द व्हावी.' दिवस बुडायच्या आत अर्ज देवळात नावआईच्या शिळेखाली सरकवला. ती संध्याकाळ त्यांनी जिवंत काढली. अर्ज विचाराधीन असेपर्यंत कारवाई थांबत असावी.

यथावकाश ते निवृत्त झाले. यंदाच्या नावफेराला ते पुन्हा गेले, वेशीवरच मुकाट्यानं चंद्री झाले, आणि शिळेखाली हात घातला. अर्ज परत आला होता. त्यावर आवक क्रमांक होता, आणि त्याच मोत्यासारख्या अक्षरात शेरा. शाई बोटाला लागली.

'अर्जात त्रुटी आहे. अर्जदाराने कार्यालयात समक्ष हजर राहावे.'

कार्यालयाचा पत्ता दिलेला नाही. मुदतीचा रकाना कोरा आहे. माणिकप्पा अद्याप हजर झालेले नाहीत.

अर्ज प्रलंबित आहे.