मधली वायर

वायरीला टेप लावलीय म्हणालास ना, तानाजी? मग आज रात्री तुझी ही जुनी मारुती इथून हलत नाही. घाटनांदूरच्या स्टेशनावर पहाटेच्या गाडीनं तुझी बहीण उतरणार आहे, ते मला माहीत आहे. तिला फोन कर. म्हणावं, स्टेशनातच बस, उजाडलं की येतो. हसतोस काय? अमरसिंह, तू पण हसू नकोस. तुम्हां दोघांना बाराखडी मी शिकवली आहे, अजून कान धरू शकतो.

बसा इथं ओट्यावर. लाईट यायला बारा वाजतील. मोबाईल उलटा ठेवा, डोळ्यावर उजेड येतो.

मी छत्तीस वर्षं शाळेत मास्तर होतो. भूत नसतं असंच शिकवलं, पगार त्याचाच होता. आता सांगतो ते माझ्या बाबतीत घडलेलं नाही. अजिनाथच्या बाबतीत घडलेलं आहे. तो गावातच आहे, उद्या जाऊन विचारा. सांगणार नाही तो, पण विचारा.

तुम्हांला आमची पांढरी मारुती आठवत असेल. सत्त्याण्णव सालची. तिचं सगळं काम अजिनाथकडं असायचं. बसस्टँडमागं पत्र्याचं गॅरेज, गॅरेजमागं आड. शाळा सातवीपर्यंत, पण गाडीचं दुखणं कानानं ओळखायचा. त्या गाडीला तीन प्लग. डेलको नावाचं एक काळं टोपण असतं, त्यातून प्लगांना तीन वायरी जातात. आणि चौथी त्या टोपणाच्या मधोमध बसते. तिच्यातून सगळा करंट येतो. प्लगची एखादी वायर गेली तर गाडी लंगडत का होईना चालते. मधली गेली की गाडी मेली.

हे मला अजिनाथनंच शिकवलं. तो गाडीच्या दोन परीक्षा घ्यायचा. पहिली अंधारात. इंजिन चालू ठेवायचं, सगळे दिवे घालवायचे आणि बोनेटमध्ये बघत राहायचं. वायर फुटली असेल तर तिच्या अंगावर निळी ठिणगी सरपटताना दिसते. दुसरी परीक्षा कानाची. चालू इंजिनावर एकेक वायर उपटायची. इंजिन अडखळलं तर ती वायर चांगली. काहीच फरक पडला नाही, तर तिथं आधीच सगळं संपलेलं आहे. मला ही परीक्षा फार आवडायची. पोरांची अशी घेता आली असती तर बरं झालं असतं.

२०१९ च्या दिवाळीआधी मी गाडी त्याच्याकडं कामाला दिली. प्लगच्या तिन्ही वायरी त्यानं नव्या टाकल्या. मधली मिळाली नाही. जुनीला तडा गेला होता. त्यानं तिला लाल टेप गुंडाळली, आठ दिवसांत बदलू असं मनाशी म्हणाला आणि मला बोलला नाही. वाईट मनानं नव्हे रे. विसरला. तूही आज तेच करायला निघाला होतास.

बाराव्या रात्री माझ्या मायच्या छातीत कळ आली. साखराबाई, अठ्ठ्याहत्तर वर्षांची. मी तिला मागच्या सीटवर निजवलं आणि अंबाजोगाईच्या दवाखान्याकडं निघालो. पावसाची भुरभुर होती. घाटनांदूरच्या अलीकडं तीन नळ्यांचा पूल आहे ना, तिथं गाडी पटकन बंद पडली. सेल्फ मारून मारून माझं बोट दुखायला लागलं. फोन केला, अजिनाथ निघालो म्हणाला. रस्त्यावर दुसरं वाहन नाही.

मागून माय म्हणाली, "गाडी कावून थांबली?"

मी म्हणालो, होईल आत्ता चालू. थोड्या वेळानं तिनं परत तेच विचारलं. तिसऱ्या वेळी आवाज इतका बारीक होता की मला मान वळवून ऐकावं लागलं. त्यानंतर तिनं विचारलं नाही.

अजिनाथ चाळीस मिनिटांनी आला. बोनेट उघडलं आणि दोन मिनिटांत गाडी चालू. "डेलकोत ओल गेलती, मास्तर," म्हणाला. मी कशाला शंका घेऊ? त्याच्या डोळ्यांत पाणी होतं. खिशात काय होतं ते मला दिसलं नाही. लाल टेपची ती वायर काढून त्यानं दुसरी लावली होती, आणि ती त्याच रात्री, दगड बांधून, गॅरेजमागच्या आडात सोडली.

तेराव्यानंतर मी गाडी त्याच्या दारात नेऊन लावली. किल्ली हातात दिली, म्हटलं ही मला डोळ्यांसमोर नको, तुझ्याकडंच राहू दे. त्याला नाही म्हणता येईना. तीन वर्षं ती ताडपत्रीखाली उभी होती. आठ दिवसांनी एकदा चालू करायचा, बॅटरी मरू नये म्हणून. मधली वायर नवी टाकली होती. टेपचं तर त्यानं नावच टाकलं.

आता त्या रात्रीचं ऐका. डिसेंबर २०२२, बावीस तारीख, गुरुवार. संध्याकाळी अमावस्या लागली होती आणि दुसऱ्या दिवशी वेळ अमावस्या, सगळ्यांनी शेतात जाऊन जेवायचा सण. म्हणजे गावातल्या सगळ्या बाया रात्रभर जाग्या. घरोघरी चुली, भज्जी शिजतेय, आंबिलीचा वास सुटलाय. अजिनाथची बायको वनमाला, तीही चुलीपुढं. रात्री दोन वाजून दहा मिनिटांनी सरपण संपलं म्हणून ती परसात पऱ्हाट्या आणायला गेली.

भाऱ्याखाली घोणस होती.

अजिनाथनं अॅम्बुलन्सला फोन केला. ती दुसऱ्या पेशंटला घेऊन लांब गेलेली, दीड तास लागेल म्हणाले. शेजारची पिकअप लातूरला. घोणशीच्या विषाला दीड तास देता येत नाही, एवढं कुणालाही कळतं. त्यानं ताडपत्री ओढली. वनमालाला मागच्या सीटवर निजवलं. जिथं माय निजली होती तिथंच.

पहिल्या सेल्फला गाडी चालू झाली. गावाबाहेर पडेपर्यंत वनमाला बोलत होती. चुलीवरची भज्जी करपंल म्हणाली. मग म्हणाली, "आवो, पाय फुटतोय माझा." मग हिरड्यांतून रक्त यायला लागलं आणि ती गप्प झाली. फक्त श्वास ऐकू येत होता. तो श्वास मोजत अजिनाथ गाडी चालवत होता.

पूल आला.

गाडीनं गचका दिला. इंजिन थडथडायला लागलं. बंद पडलं तर परत चालू होईल का, याची त्याला खात्री नव्हती. त्यानं इंजिन तसंच ठेवलं, हँडब्रेक ओढला, उतरला. बोनेट उघडलं. कुठली तरी वायर फुटली असणार. पहिली परीक्षा. त्यानं हेडलाईट घालवले. टॉर्च बंद केला.

अमावस्येचा अंधार. स्वतःचा हात दिसेना.

ठिणगी नाही. कुठंच नाही. निळं, पांढरं, काही नाही.

मग दुसरी परीक्षा. टॉर्च दातांत धरला. चप्पल काढली, तिच्या रबरानं वायर धरली आणि पहिल्या प्लगची उपटली. फरक नाही. सापडली, असं त्याला वाटलं. खात्री करायला दुसरी उपटली.

फरक नाही.

तिसरी उपटली.

तिन्ही वायरी लोंबतायत. आणि इंजिन चालू. थडथड सुद्धा थांबली होती. नव्या गाडीसारखं चालू.

त्यानं एका वायरीचं तोंड लोखंडाजवळ धरलं. टक टक ठिणगी पडायला पाहिजे. पडली नाही. मग त्याचं डोकंच चालेना. त्यानं त्या तिन्ही डेलकोतून ओढून काढल्या. फरक नाही. राहिली मधली. तिला हात लावताना, मला म्हणाला, मास्तर, माझ्या तोंडातून टॉर्च गळाला. गळाला आणि विझला.

अंधारात चाचपून त्यानं मधली वायर उपटली.

इंजिन चालू.

चार वायरी हातात. पूल. अंधार. इंजिन चालू...

आणि मागच्या सीटवरून आवाज आला.

"गाडी कावून थांबली?"

वनमालाचा आवाज त्याला ठाऊक होता. चोवीस वर्षं ऐकत होता. हा तो नव्हता. हा म्हाताऱ्या बाईचा होता. रागाचा नव्हता. नुसता विचारत होता.

अजिनाथ म्हणाला, "काकी... डेलकोत ओल गेलती."

इंजिन अडखळलं. चांगली वायर उपटल्यावर अडखळतं तसं. आणि त्याच वेळी मागं वनमालाचा श्वास अडकला. त्याला दोन्ही आवाज बरोबर ऐकू आले.

"गाडी कावून थांबली?"

"थंडी हाय, काकी. जुनी गाडी हाय..."

इंजिन अजून खाली गेलं. आता एकेक ठोका सुटा ऐकू येत होता. मागं वनमालाच्या घशात घरघर.

बोलायचं काय ते त्याला कळलं होतं. तीन वर्षं कळत होतं. पण तोंडातून निघेना.

तिसऱ्या वेळी आवाज अगदी बारीक आला. आणि जवळून. बोनेटच्या पलीकडून.

"कावून थांबली...?"

अजिनाथ खाली बसला. रस्त्यावर. चप्पल नाही पायात. म्हणाला, "वायर फुटलेली हुती, काकी. मला म्हाईत हुतं. मी टेप लावली. मास्तरला सांगितलं न्हाई. तुमी गेल्यावर बी सांगितलं न्हाई. वायर आडात टाकली. माझ्यामुळं थांबली. माझ्यामुळं..."





मग इंजिनानं सूर धरला.

तो उठला. चारही वायरी शेजारच्या सीटवर टाकल्या. बोनेट पाडलं. वायरी परत लावायचं धाडस त्याला झालं नाही. लावल्या आणि बंद पडली तर? वायरी सीटवर आणि गाडी रस्त्यावर, असा तो अंबाजोगाईपर्यंत गेला. आरशात बघितलं नाही. एकदाही नाही. मागं दोन श्वास ऐकू येत होते, म्हणाला. एक अडकत होता. दुसरा सावकाश, अगदी एकसारखा चालला होता.

दवाखान्याच्या दारात किल्ली फिरवली, गाडी बंद झाली. वनमालाला आत नेलं. अकरा दिवस होती, वाचली. तुम्ही रोज बघता तिला. थोडी लंगडते, एवढंच.

उजाडल्यावर अजिनाथ गाडीपाशी आला. चारही वायरी सीटवर होत्या. त्यानं मोजल्या, दोनदा मोजल्या. बोनेट उघडलं. तिन्ही प्लग उघडे. इंजिनाला हात लावला तर रात्रभर अंगणात पडलेल्या दगडासारखं गार. आणि डेलकोच्या मधोमध एक वायर बसवलेली. पाचवी. तडा गेलेली, तिच्यावर लाल टेप. शेवाळ लागलेलं. पाणी गळत होतं तिच्यातून.

तिसऱ्या दिवशी सकाळी तो माझ्या दारात आला. वायर वर्तमानपत्रात गुंडाळलेली, कागदाचा लगदा झालेला. त्यानं सगळं सांगितलं, आत्ता मी तुम्हांला सांगितलं तसं. मी त्याला आत ये म्हणालो नाही. खरं सांगतो, त्या क्षणी माझ्या हातात काठी असती तर मी मारली असती. मायला मागच्या सीटवर घेऊन मी बसलो होतो त्या पुलावर, चाळीस मिनिटं. आणि हा मला ओल म्हणाला होता.

पण मी एकच विचारलं. ती नेमकं काय म्हणाली? शब्द सांग.

त्यानं सांगितले. तीन शब्द. "गाडी कावून थांबली."

पोरांनो, ते शब्द मी कुणालाही सांगितले नव्हते. तुमच्या काकूला सुद्धा नाही. मायला शेवटी उत्तर देता आलं नाही, ते कुठल्या तोंडानं सांगायचं? तेव्हा मी भ्यालो. माझ्या सख्ख्या मायला भ्यालो. त्याचं मला आजही वाईट वाटतं.

मी विचारलं, अजून काही म्हणाली का? माझं काही विचारलं का?

"न्हाई, मास्तर. फकस्त एवढंच."

दोन महिने मी त्याच्याशी बोललो नाही. मग बोललो. गावात राहायचं असतं. मारुती त्यानं कापायला देऊन टाकली. वायर मात्र मी ठेवून घेतली. टाकायची कुठं? आडात टाकून झालीच होती एकदा. आणि तो आड होळीपासून कोरडा आहे, तळाला भेगा पडल्यात.

तानाजी, बहिणीला फोन लाव आधी. शहाणा आहेस.

अमरसिंह, तुला अजून हसू येतंय, मला अंधारातही कळतं. ऊठ. आतल्या खोलीत दाराच्या मागं खुंटी आहे, तिथं ती टांगलेली आहे. घेऊन ये आणि तानाजीच्या हातात दे. फक्त जपून जा. खुंटीखाली एक वाटी ठेवलेली आहे, पाय लागला तर लवंडेल. दुपारी जेवल्यावर मीच रिकामी केली होती. आत्तापर्यंत भरत आली असेल.