उजवीकडची पावलं

नेमबाजीच्या ऑनलाइन खेळात बहुतेक लोक बंदुका बदलत बसतात आणि आवाजाकडे ढुंकूनही बघत नाहीत. माझं उलट. खेळ उघडला की आधी आवाजाची सेटिंग. संगीत शून्यावर, आजूबाजूची गडबड शून्यावर, इक्वलायझरमध्ये खर्ज खाली आणि मधली पट्टी वर, कारण पावलांचा आवाज त्या पट्टीत असतो. पाच विरुद्ध पाच अशा खेळात समोरचा माणूस दिसायच्या आधी ऐकू येतो, आणि ज्याला तो आधी ऐकू येतो तो वाचतो. हे मला माझ्या भावानं, प्रीतमदादानं शिकवलं. "डोळे मिटून खेळ गो," तो म्हणायचा. "कानान बघ."

मी समीक्षा. मालवणात एका क्लासमध्ये कॉम्प्युटर शिकवते. घर आचऱ्याच्या अलीकडे, खाडीच्या तोंडाशी. दादा मालवाहू जहाजावर नोकरीला होता. फेब्रुवारीत कंपनीचा फोन आला की आफ्रिकेच्या पश्चिम किनाऱ्याजवळ तो जहाजावरून नाहीसा झाला, दोन दिवस शोधलं, मिळाला नाही. कागदावर त्यांनी 'बेपत्ता' असं लिहून पाठवलं. त्या एका शब्दानं आमच्या घराची वाट लावली. गेला म्हणायला जीभ रेटत नाही आणि आहे म्हणायला आधार नाही. किशोरीवहिनीच्या लग्नाला तेव्हा दीड वर्ष झालं होतं. तिच्या हातात हिरव्या बांगड्या आहेत की नाहीत हे बघायला बायका घरी येत आणि चहा पिऊन जात.

वडील गेल्यापासून घरातलं सगळं काका बघतात, त्यांना आम्ही भाई म्हणतो. भाईंनी एप्रिलमध्ये देवळात कौल लावला. देवाच्या मूर्तीला दोन्ही बाजूंनी ओल्या पाकळ्या चिकटवतात आणि प्रश्न विचारतात. उजवी पडली तर होय, डावी पडली तर नाही. प्रीतम जिवंत आहे का, असं तीनदा विचारलं. एकही पाकळी हलली नाही. मी देवळात गेलेच नव्हते, मी क्लासात मुलांना एक्सेल शिकवत होते. घरी आल्यावर म्हटलं, पाकळ्यांना पाणी जास्त लागलं असेल. आई उठून देवाजवळ दिवा लावायला गेली. आता त्या बोलण्याची लाज वाटते.

श्रावणात भाईंनी भटजींना गाठलं. देह मिळाला नाही तर दर्भाचा पुतळा करतात, डोक्याच्या जागी नारळ ठेवतात आणि त्याला अग्नी देतात.

"झिलाक किती दिवस असोच लटकत ठेवतलंव?" भाई म्हणाले. "आणि त्या चेडवाचा काय? तेचा सगळा आयुष्य पडला हा."

झील म्हणजे मुलगा, आमचा दादा; चेडू म्हणजे मुलगी, इथे वहिनी. तिचे वडील रविवारी पिंगुळीहून गाडी घेऊन येणार होते. पुतळ्याला अग्नी दिला की ती मोकळी होणार होती. नाहीतर ना इकडची ना तिकडची. तिनं कपाटातली बॅग काढून खाटेवर ठेवली.

त्या आठवड्यात मी सहा महिन्यांनी दादाच्या कॉम्प्युटरसमोर बसले. दुसरं काही सुचत नव्हतं म्हणून बसले. जुन्या हेडसेटच्या गाद्यांना बुरशी धरली होती, म्हणून कुडाळहून नवा आणला. सेटिंगला मात्र हात लावला नाही. ती दादाची होती, त्यानं आकडा आकडा बसवलेली. दुपारी क्लासवरून आले की तीन ते पाच मी खेळायचे. आमच्या टीमचा कप्तान सर्वेश सावंतवाडीहून वेळेवर हजर असायचा. मी इतकी वाईट खेळत होते की दुसऱ्या कोणी मला काढून टाकलं असतं. त्याला आमच्या घरचं माहीत होतं, म्हणून तो सांभाळून घेत होता.

तिसऱ्या दिवशी गोदामाच्या मॅपवर मी एका कोपऱ्यात दबा धरून बसले होते. आमचे उरलेले तिघे पार पलीकडे. माझ्या मागून पावलं आली. वळले तर कोणी नव्हतं.

त्या मॅपवर जमीन लोखंडी आहे, पाऊल पडलं की खणखणतं. ही पावलं लोखंडावरची नव्हती. ओल्या फरशीवर रबरी सपाता वाजतात तसा आवाज होता, आणि त्यातही एक पाय पडायचा, दुसरा घासत यायचा. चार-पाच पावलं, मग थांबणं. पुन्हा चार-पाच.

"सर्वेश, माझ्या मागे कोण चलता?" मी माइकवर विचारलं. तो त्या डावात मेला होता, म्हणजे माझाच पडदा बघत होता आणि मला येणारे आवाज ऐकत होता.

"कोण नाय," तो म्हणाला. "माका काय आयकाक येणा नाय."

मी शहाण्यासारखं सगळं करून पाहिलं. डाव रेकॉर्ड केला, त्यात पावलं नव्हती. वायर बदलली, साउंड कार्डाचं सॉफ्टवेअर नवं घातलं, पंखा बंद केला. खेळ बंद असला की हेडसेटमध्ये शांतता, खेळ उघडला की पाचेक मिनिटांत तो घासणारा पाय. आमच्या घरात कोणी पाय घासत चालत नाही. दादा तर पायऱ्या दोन-दोन चढायचा. त्यामुळे घाबरले तरी त्याची आठवण मला आली नव्हती.

चौथ्या दिवशी पावलं थांबली आणि कोणीतरी खाकरलं. आधी आखूड, मग जरा लांब. दादा काही सांगायच्या आधी असाच खाकरायचा, जन्मभर. मी पुढच्या शब्दाची वाट बघत राहिले. शब्द आला नाही. माझ्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि हात माउसवर तसाच होता.

दुसऱ्या दिवशी, २१ ऑगस्टला, मी सरावाचा रिकामा मॅप उघडला, जिथे दुसरं कोणीच येऊ शकत नाही. माइक बंद केला. आई माजघरात झोपली होती. माझ्या तोंडून जे आलं ते मी कधी शिकले नव्हते, पण देवळात गाऱ्हाणं घालतात ते ऐकूनच मी मोठी झाले आहे.

"दादा," मी म्हटलं, "तू जिवंत आसलंस तर उजव्या बाजूक ये. नसलंस तर डाव्या बाजूक ये. माका खरा काय ता सांग."

एरवी मागून येणारी पावलं त्या दिवशी समोरून आली. लांबून, घासत, माझ्या तोंडासमोर येऊन थांबली. बराच वेळ काही झालं नाही. मग ती बाजूला सरकली आणि माझ्या उजव्या कानाशी उभी राहिली.

मी हेडसेट काढून वहिनीकडे गेले आणि सगळं सांगितलं. वेडी म्हणाली असती तर बरं झालं असतं. ती खाली बसली, माझा पाय घट्ट धरला आणि रडली. सहा महिन्यांत ती पहिल्यांदा रडत होती. संध्याकाळपर्यंत आईला कळलं, आईकडून भाईंना. भाई मला हसतील असं वाटलं होतं. ते खाडीकडे बघत म्हणाले, "देवान सांगूक नाय, ता तेना सांगल्यान. रवांदे."

विधी रद्द झाला. रविवारी पिंगुळीची गाडी रिकामी परत गेली. चतुर्थीला आमच्याकडे गणपती आले, वहिनीनं एकटीनं एकशे एक मोदक केले आणि आरतीला तिचा आवाज सगळ्यांच्या वर होता. मला त्या दिवसांत सुखाची भीती वाटायची, पण ते सुख होतं हे मी नाकारणार नाही. पावलं रोज यायची. मी काही विचारत नव्हते. एकदा मिळालेलं उत्तर पुन्हा मागायची छाती नव्हती.

विसर्जनानंतर दहाएक दिवसांनी, २८ सप्टेंबरला, सर्वेश पहिल्यांदा चिडला.

"समीक्षा, तू उजवी सांगतंस आणि माणूस डाव्यासून येता. महिनोभर बघतंय. हेडसेट उलटो घातलंस काय?"

हेडसेट सरळच होता. मी दादाच्या सेटिंगच्या आत, अगदी तळाशी गेले. तिथे एक खूण केलेली होती: डावा आणि उजवा कान अदलाबदल. मग आठवलं. जुन्या हेडसेटची वायर तुटली तेव्हा त्यानं घरीच डाग दिला होता आणि दोन तारा उलट जोडल्या होत्या. पुन्हा उघडायचा कंटाळा म्हणून साहेबांनी सॉफ्टवेअरमध्येच बाजू बदलून घेतल्या. जुन्या हेडसेटला ते बरोबर होतं. नव्याला नव्हतं.

म्हणजे नवा हेडसेट आणल्यापासून मला जे उजवीकडे ऐकू आलं होतं, ते डावीकडचं होतं.

त्या रात्री मला झोप लागली नाही. माझ्यामुळे तिघं माणसं एका मेलेल्याची वाट बघत होती. वहिनी तर त्याच्या शर्टांना इस्त्री करायला लागली होती. दुसऱ्या दिवशी, २९ सप्टेंबरला, दुपारी मी ती खूण काढली, दोन्ही कान दोनदा तपासले, आणि रिकाम्या मॅपवर पुन्हा तेच विचारलं.

पावलं समोरून आली.

थांबली.

या वेळी ती नुसती थांबली नाही, पुढे झुकल्यासारखी वाटली. खाकरणं आलं, एकदा, दोनदा, घाई असल्यासारखं.

मग ती माझ्या डाव्या कानाशी गेली. पाच वाजेपर्यंत तिथून हलली नाहीत.

मी घरी सांगितलं. चूक कुठे झाली तेही सांगितलं, वायरीसकट. आईनं पदर तोंडावर घेतला. वहिनीनं इस्त्रीचा प्लग काढला. पितृपक्ष चालू होता, भटजींनी ६ ऑक्टोबर सांगितला. खाडीच्या काठावर दुपारी बाराला भाईंनी पुतळ्याला अग्नी दिला. दर्भ लगेच पेटला, नारळाला वेळ लागला. त्या दुपारी मी खेळ उघडला. हेडसेटमध्ये खेळाचेच आवाज होते, दुसरं काही नाही. मला हलकं वाटलं. हे मी मुद्दाम लिहून ठेवते, मला हलकं वाटलं.

दहाव्या-तेराव्याचे दिवस झाले. वहिनी पिंगुळीला गेली. जाताना तिच्या हातात बांगड्या नव्हत्या.

त्यानंतर एकदा आई तांदूळ निवडत बसली होती. मध्येच म्हणाली, "तू तेका उजवी सांगलंस, ती खंयची गो?"

"माझी. माझ्या उजव्या कानाकडची."

"देवळात देवाची उजवी धरतत. तेच्या उजव्या हाताची. तो आपल्या समोर आसता, आपल्याक ती डावी." आणि तिनं सूप पुन्हा हातात घेतलं. तिला काही सुचवायचं नव्हतं, आठवलं म्हणून विचारलं इतकंच.

दादाही माझ्याकडे तोंड करून उभा होता.

म्हणजे चुका दोन होत्या: एक तारांची, दुसरी उजवी कोणाची धरायची याची. दोन्ही होत्या तोवर उत्तर बरोबर येत होतं. मी एक दुरुस्त केली.

ते काहीच नव्हतं, असं मी स्वतःला महिनाभर सांगितलं. दुःखात कान वाजतात. डॉक्टरही तेच म्हणाले.

दिवाळीनंतर कंपनीकडून कागद आले.

फेब्रुवारीत आफ्रिकेच्या किनाऱ्यावर मासेमारी करणाऱ्यांनी एक माणूस पाण्यातून काढला होता. डोक्याला मार, वाचा गेलेली, जवळ कागद नाहीत. तिथल्या लहानशा इस्पितळात तो आठ महिने होता. पुढे त्याच बंदरात उपचाराला आलेल्या एका खलाशानं त्याचा फोटो ओळखला, तोवर उशीर झाला होता. सोबत परिचारिकेच्या नोंदींचं भाषांतर होतं. ते वाचणारी घरात मीच.

ऑगस्टच्या मध्यापासून ती त्याला रोज सकाळी चालवायची. आमच्याकडे तेव्हा दुपार असते. चार-पाच पावलं, मग विश्रांती. डावा पाय उचलत नसे. त्याला बोलता येत नव्हतं म्हणून तिनं एक पद्धत बसवली होती: होय असेल तर उजवा हात वर, नाही तर डावा.

२१ ऑगस्ट. कोणी काही विचारलं नसताना रुग्णानं उजवा हात वर केला.

२९ सप्टेंबर. तेच. उजवा हात बराच वेळ वर, खाली घ्यायला तयार नाही. अस्वस्थ.

शेवटची नोंद ६ ऑक्टोबरची. ताप नाही. पहाटे थोडी पेज घेतली. उजाडल्यापासून उजवा हात वर धरून आहे, आम्ही काही विचारलेलं नाही.

त्याखाली वेगळ्या अक्षरात एक ओळ आहे. तो गेल्यावर हात खाली घ्यायला दोन माणसं लागली.