बाय गेटपाशी म्हणायचं

ही गोष्ट खरी आहे.

आधीच सांगून ठेवते, कारण पुढे वाचून तुम्ही म्हणाल, "काहीतरीच!" मीही तेच म्हटलं होतं. पण ज्या बाईच्या बाबतीत हे घडलं ती माझी सख्खी मावशी. नीतामावशी पत्त्यांतसुद्धा लबाडी करत नाही. हरते आणि वर दुसऱ्यांना चहा करून पाजते. अशी बाई थापा कशाला मारेल?

आणि हो, भुताखेताच्या गोष्टी म्हणे अमावास्येला, मध्यरात्री घडतात. ही घडली भर दुपारी. ऑकलंडमध्ये, न्यू लिनला, गेल्या जुलैत, म्हणजे इथल्या हिवाळ्यात. शाळांना सुट्टी होती. बाहेर पाऊस पिरपिरत होता, खिडक्या बंद आणि हीटर चालू.

मावशी पुण्याहून लेकीकडे आली होती. लेक म्हणजे माझी मावसबहीण प्राची. येताना विमान बदलायला मावशी चीनमध्ये उतरली, ग्वांगझौला. पण दिवसभर विमानतळाच्या काचेआडच बसून राहिली. आल्या आल्या तिचं एकच तुणतुणं. "अगं, एवढं मोठं शहर दाराशी, आणि मी आपली खुर्ची गरम करत बसले!"

पुढे महिन्याभरात प्राचीच्या जँडल्स, म्हणजे रबरी चपला, घालून मागच्या ओल्या लाकडी डेकवर गेली आणि घसरली. पाय प्लास्टरमध्ये. दोन कुबड्या, एक सोफा, आणि खिडकीतून दिसणारं शेजाऱ्याचं कुंपण. बाई पार कंटाळून गेली.

म्हणून प्राचीनं तिच्या वाढदिवसाला एक भेट दिली. ग्वांगझौची प्रायव्हेट टूर. घरबसल्या. तिकडे गाइड फोन घेऊन दिवसभर शहरात हिंडणार, इकडे आपण टॅबलेटवर बघायचं, मधूनमधून प्रश्न विचारायचे. फक्त आपल्या एकटीसाठी.

"आई, तुला चीनला जाता नाही ना आलं? मग चीनच तुझ्याकडे येईल," प्राची म्हणाली.

येईल... असंच म्हणाली ती.

त्या दिवशी प्राची आणि तिचा नवरा श्रीनाथ सिटीत ऑफिसला गेले. घरी मावशी आणि सहा वर्षांची इरा. इरा म्हणजे इथलीच पोर. मराठी सगळं कळतं, उत्तर मात्र इंग्लिशमध्ये. तरी आजीचं आणि तिचं मेतकूट जमलं होतं. दोघी ब्लँकेट घेऊन टॅबलेटपुढे बसल्या.

गाइडचं नाव मे. तरुण, हसरी, मावशीला समजेल असं सावकाश इंग्रजी बोलणारी. हातात मिटलेली पिवळी छत्री. वळण आलं की ती छत्री उंच करायची आणि मग फरशीवर दोनदा आपटायची.

टक... टक.

"आंटी, या बाजूनं."

टूर सुरू झाली एका जुन्या दगडी कमानीपासून. मे तिला गेट म्हणत होती. तिथंच तिनं नियम सांगितला. "आंटी, मध्येच सोडून जायचं नाही हं. मी तुम्हाला फिरवून परत इथंच आणणार. बाय आपण गेटपाशी म्हणायचं. त्याआधी नाही."

मावशीला भारी कौतुक वाटलं. कारण फोन ठेवण्याच्या बाबतीत आमची मावशी म्हणजे... काय सांगू! "ठेवू का?" "बरं ठेवते हं." "अगं, एक राहिलंच..." आणि पुन्हा अर्धा तास. निरोप न घेता फोन ठेवणं तिला जेवणाऱ्याला पानावरून उठवण्याइतकं वाईट वाटतं.

कमानीनंतर मोठा वड आला. मग वाळलेल्या संत्र्यांच्या सालींचं दुकान. मग एक अरुंद गल्ली, जिथं दारादारांत पक्ष्यांचे पिंजरे टांगले होते. पक्षी असे गात होते की इरा टाळ्या पिटायला लागली.

मध्येच चित्र गोठलं. मावशीला वाटलं, संपलं. ती म्हणाली, "बाय, बाय!"

तेवढ्यात मे पुन्हा हलली. हसली. "नॉट येट, आंटी."

गल्लीच्या टोकाला एक लाकडी जिना होता. जुना, अंधारा. मे म्हणाली, "वर एक खोली आहे. सगळ्यांत छान जागा."

टक... टक.

जिन्याची पहिली पायरी करकरली... दुसरी...

आणि इकडे स्वयंपाकघरात चर्र्र झालं.

दूध! मावशी खिरीसाठी दूध तापत ठेवून विसरली होती. जळका वास सुटला. कुबड्या सापडेनात, इरा ओरडतेय, स्मोक अलार्म बोंबलतोय. त्या गडबडीत मावशीनं टॅबलेटवरचं लाल बटण दाबलं आणि लंगडत धावली.

निरोप न घेता.

जन्मात पहिल्यांदा.

ओटा पुसून ती परत आली तेव्हा इरा काळ्या स्क्रीनकडे बघत बसली होती.

"आजी, शी डिडन्ट से बाय."

"अगं, लावू पुन्हा. त्यात काय!"

पण लागेना. लिंक दाबली की नुसतं गोल गोल फिरायचं.

मग मावशीच्या लक्षात आलं... घर फार शांत झालंय.

पावसाचा आवाज नव्हता. खिडकीबाहेर पाऊस पडताना दिसत होता, पण आवाज नव्हता. शेजारचा म्हातारा सकाळपासून गराजमध्ये करवत चालवत होता. तीही बंद. आणि ट्रेन... न्यू लिनच्या त्या घरात दिवसभर ट्रेनची घरघर ऐकू येते. ती नव्हती.

"पॉवर गेली असेल," मावशी स्वतःशीच म्हणाली. हीटरचा लाल दिवा चालू होता.

तेवढ्यात पॅसेजमधून आवाज आला.

पक्षी गात होता.

घरात पक्षी नाही हो! खिडक्या बंद. तरी गात होता... आणि मग दुसरा... आणि मग संत्र्याच्या सालीचा वास आला. कडवट, जुना. कपाटात वर्षानुवर्षं पडून राहिल्यासारखा.

मावशीनं इराचा हात धरला आणि तडक पुढचं दार उघडलं. शेजाऱ्याकडे जाऊ म्हणाली. पायरी दिसत होती, लेटरबॉक्स दिसत होता. तिनं कुबडी बाहेर टेकवली, पाऊल टाकलं...

आणि ती स्वयंपाकघरात होती.

मागच्या दारातून आत आलेली. समोर तोच ओटा, तेच करपलेलं पातेलं.

मावशी म्हणते, "मला वाटलं, मीच फिरले. गोळ्यांची गुंगी." म्हणून पुन्हा गेली. पुढच्या दारातून बाहेर... आणि मागच्या दारातून आत. मग उलटं केलं. मागच्या दारानं बाहेर पडली, तर पुढच्या दारानं हॉलमध्ये.

त्या घरातून बाहेर जायला वाटच उरली नव्हती.

तिनं प्राचीला फोन लावला. रिंग वाजत राहिली, वाजत राहिली. कुणी उचलेना. खिडकीवर मुठी आपटल्या. समोरच्या फुटपाथवरून एक बाई कुत्रा घेऊन गेली. मावशी घसा फोडून ओरडली. कुत्र्यानं मान वळवली. बाईनं नाही.

"देवा महादेवा, पोरीला तरी बाहेर काढ रे," ती पुटपुटली आणि वळून बघते तर...

इरा सोफ्यापाशी उभी होती. पायात गमबूट. अंगात रेनकोट, सगळी बटणं लावलेली.

"कुठं निघालीस गं?"

"शी इज वेटिंग, आजी. वी हॅव टू गो अप."

"कुठं वर? कोण वाट बघतंय?"

इरानं पॅसेजकडे बोट केलं.

टक... टक.

मावशी तिच्याकडे झेपावली. एक कुबडी सटकली, ती सोफ्यावर कोसळली. सावरून उठते तो इरा नव्हती.

खोल्यांमध्ये नव्हती. बाथरूममध्ये नव्हती. कपाटांत, पलंगाखाली, पडद्यांमागे... कुठंच नव्हती.

आणि मग तिला पावलं ऐकू आली. दोघींची. एक मोठी, एक गमबुटांतली छोटी. लाकडी पायऱ्या चढत होती. करकर... करकर...

आता ऐका. प्राचीचं घर बैठं आहे. त्या घराला जिनाच नाही.

मावशी तिथंच भिंतीला टेकून रडायला लागली. रडणारच की! कुणाची छाती फुटणार नाही? लेकीनं विश्वासानं पोर सोपवलेली, आणि ही ऐंशी किलोची बाई एका पायावर. पण रडता रडता तिला तिची आई आठवली. मावशी मूळची वाईची. लहानपणी ती घाटावरच्या महादेवाला पळत पळत गोल प्रदक्षिणा घालायची आणि आईच्या हातचा धपाटा खायची. शंकराला पूर्ण फेरी घालत नाहीत. अर्ध्यावर थांबायचं आणि आल्या वाटेनं परत फिरायचं.

आल्या वाटेनं.

टूर अर्ध्यावर तुटली होती. जिन्यापाशी. मग परत यायचं तर तीच वाट उलटी चालायला हवी.

मावशीनं डोळे पुसले. पॅसेजच्या टोकापर्यंत गेली, जिथं पावलांचा आवाज होता. तिथं उभी राहून ओरडली, "इरा! आजीचा गाऊन धर. आपण घरी चाललोय!"

पावलं थांबली.

मावशी वळली. डोळे मिटले. मोठ्यानं म्हणाली, "हा जिना. उतरलो."

करकर... खाली येणारी.

"ही पिंजऱ्यांची गल्ली." कुबडी पुढे, पाय पुढे. पक्षी कानाशी किंचाळायला लागले. आणि मग एकेक करून गप्प झाले.

"हे सालींचं दुकान." वास घशात गेला, ठसका लागला. मग तोही विरला.

"हा वड." कपाळाला काहीतरी लोंबतं लागलं. तिनं डोळे उघडले नाहीत.

तेव्हा गाऊनला ओढ लागली. मागून. छोट्या मुठीनं घट्ट धरल्यासारखी. मावशीच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी आलं, पण ती थांबली नाही.

"ही कमान. हे गेट."

हात पुढे केला. दाराची कडी लागली. उघडली. पाऊल टाकलं...

तोंडावर पाऊस आला.

खरा, थंड, न्यू लिनचा पाऊस! शेजारची करवत खरखरत होती. दूर ट्रेनची घरघर आली. आणि गाऊन धरून शेजारी इरा उभी होती.

मावशीनं तिला छातीशी आवळलं. मग आठवलं, म्हणून उघड्या दाराकडे बघून हात जोडले. "बाय, बाई. बाय. चुकलं माझं."

वाट बघितली...

आतून कुणी बाय म्हटलं नाही.

मावशीनं पुन्हा फोन केला तशी प्राची ऑफिसातून धावत आली. तिच्या फोनवर आधीचा एकही मिस्ड कॉल नव्हता. "आई, पेनकिलरचा डोस जास्त झाला असेल," म्हणाली. श्रीनाथनं डॉक्टरांना विचारलं. मीही ओटाहुहूहून, माझ्या घरून, डबा घेऊन गेले आणि, खोटं कशाला बोलू, मनात हसले. फक्त इराच्या रेनकोटच्या खिशात संत्र्याची एक साल सापडली. काळपट, वाळून कडक झालेली. प्राची म्हणाली, शाळेच्या डब्यातली असेल.

तिनं टूरवाल्यांनाही फोन केला होता. तिकडच्या मुलीनं कॉम्प्युटरवर बघितलं आणि गोड आवाजात सांगितलं, "मॅम, तुमची टूर तर अजून चालूच दिसतेय."

सिस्टीमची चूक, असं प्राचीचं मत.

ऑगस्टमध्ये प्लास्टर निघालं आणि मावशी पुण्याला परत गेली. एअरपोर्टवर सगळ्यांनी हात हलवले. इरानं नाही हलवला. आधी ही पोर डेअरीवाल्या, म्हणजे कोपऱ्यावरच्या दुकानदार अंकलला बाय म्हटल्याशिवाय दुकानातून पाय काढायची नाही. त्या टूरच्या दिवसापासून तिनं कुणालाच बाय म्हटलेलं नाही. टीचरला नाही, मैत्रिणींना नाही, आईला नाही. प्राचीला वाटतं, मोठी होतेय, शिष्टपणा आलाय.

मॉलमध्ये ती सगळ्यांच्या पुढे चालते. वळण आलं की थांबते, मागे वळून बघते, सगळे येतायत ना याची खात्री करते. प्राची आणि श्रीनाथ हसत हसत तिच्या मागे जातात.

मागच्या रविवारी मी त्यांच्याकडे होते. इराच्या खोलीत टॅबलेट चालू होता, चार्जिंगला लावलेला. स्क्रीनवर मावशी. पुण्यातल्या घरात, उशीला टेकून. केवढी वाळलीय! मला वाटलं, आत्ताच फोन आला असेल.

"अगं, कालपासून चालू आहे," मावशी हळूच म्हणाली. "तिकडची बॅटरी संपली, तर मी पुन्हा लावते. मी नाही कापणार. एकदा कापला होता ना..."

मी टॅबलेटपाशी टेकले.

"तू जरा सांग ना गं तिला," मावशीचा आवाज फुटला. "एकदाच म्हण म्हणावं. मग मी ठेवते. इरा... बाळा, ठेवू का गं? आजीला बाय म्हण ना."

इरा जमिनीवर चित्र रंगवत होती. तिनं वर बघितलं. गोड हसली. हातातली पेन्सिल फरशीवर दोनदा आपटली.

"नॉट येट, आजी."