आवाजाची वाट

कापडाच्या गोदामात पुन्हा मुरड पडली, ही बातमी मुकादमाला भर दुपारी कळली. जेवणाचा डबा तसाच बंद करून तो निघाला आणि मागोमाग दोरीचं भेंडोळं खांद्यावर टाकून वहिनी. तिला सगळे वहिनीच म्हणत. तिचा नवरा मुकादमाच्या हाताखाली होता तेव्हापासून.

मुरड म्हणजे काय, हे ज्याच्या घरात पडली नाही त्याला सांगून पटायचं नाही. चार पावलांचा बोळ असतो, पण चालता चालता पाय भरून येतात. पलीकडची भिंत दिसते, हाताला लागत नाही. आतला वेळही वाकडाच. मुकादम एकदा सकाळी आत शिरला आणि दिवेलागणीला बाहेर आला, तर ओठातली सिगरेट अजून अर्धीही जळली नव्हती. आत जाऊन मुरडीच्या मुळाशी लाकडी पाचर ठोकली की जागा सरळ होते. पण आत डोळ्यांचा भरवसा नाही आणि दोरीचाही नाही. जागा वळेल तशी तीही वळते. सरळ येतो तो फक्त माणसाचा आवाज. म्हणून दारात बसलेल्यानं बोलत राहायचं. काहीही बोला, पण थांबू नका. बाहेरचा गप्प झाला की आतला गेला.

वहिनी जणू याच कामासाठी जन्मलेली. "हिच्या बडबडीला कंटाळून मुरडसुद्धा सरळ होईल," असं नवरा चारचौघांत म्हणायचा. पण तो आत गेला आणि परतलाच नाही, त्या दिवशी दारात ती नव्हती, मुकादम होता. याच गोदामात, याच बोळाशी. पुढचा मुकादम नवराच होणार असं सगळे म्हणत, म्हणून मुकादम त्याला पाण्यात पाहायचा. पहारेकऱ्यानं नंतर तिला हळूच सांगितलं होतं, "तुमचा माणूस आतून हाका मारत होता, वहिनी... आणि हे मुकादम तोंड मिटून सिगरेट ओढत बसले होते."

गप्प बसल्याचा पुरावा कुठून आणणार? बोळावर फळ्या ठोकल्या गेल्या. मुकादमानं चारचौघांत डोळे पुसले आणि तिला कामावर घेतलं. तीही उरावर दगड ठेवून आली. वर्षानुवर्षं त्याच्यासाठी दारात बसून बोलली, दर वेळी त्याला सुखरूप बाहेर काढलं. इतर कुठल्या बोळात तिला त्याला हरवायचं नव्हतं. तिला हाच बोळ हवा होता.

आज त्या फळ्या आपोआप गळून पडल्या होत्या. आतून इस्त्रीनं करपलेल्या कापडासारखा वास येत होता.

"बोला, वहिनी," म्हणत मुकादम कमरेला दोरी बांधून आत शिरला.

"काय सांगू, भाऊजी, शेजारणीचं मांजर पुन्हा आमच्या माळ्यावर चढलं," तिनं सुरू केलं. "उतरवायला शेजारीण शिडी घेऊन आली. शिडीवर ती आणि वर मांजर, दोघंही ओरडतायत..."

"हं," आतून आवाज आला. मग आणखी लांबून, "हं."

"मांजरानं उडी मारली ती थेट..."

आणि वहिनी थांबली. दोन्ही हात मांडीवर ठेवून नुसती बसून राहिली. इतकं गार, इतकं बरं तिला कित्येक वर्षांत वाटलं नव्हतं.

"वहिनी? ...गप्प का झालात?"

तिनं दोरी हातात घेऊन आणखी सैल सोडली.

"वहिनी, इथं दोन वाटा फुटल्यात... अहो, बोला ना! पाया पडतो तुमच्या!"

तिनं पदराचा बोळा तोंडात धरला. आपलं हसू त्याला ऐकू जायला नको होतं. बराच वेळ नुसती दोरी सरसरत राहिली. मग मुकादमाचा आवाज आला, अगदी बारीक.

"वहिनी... इथं कुणीतरी आहे."

आणि त्यापाठोपाठ दुसरा आवाज. दमलेला, थोडा चिडका, तिच्या हाडामासात मुरलेला.

"अगं, थांबलीस का? तुझ्याच आवाजाच्या मागानं येतोय ना मी... मांजराचं पुढं काय झालं?"

वहिनीच्या हातातली दोरी गळून पडली. दिवसभरानं ओठात तीच जळती सिगरेट घेऊन बाहेर आलेला मुकादम तिनं स्वतःच्या डोळ्यांनी पाहिला होता. मग आपला माणूस आतमध्ये अजून दोन घटकाही चालला नसेल, हे आपल्याला कधीच कसं सुचलं नाही?

"उडी मारली!" ती किंचाळली. "थेट शेजारणीच्या डोक्यावर मारली उडी! ऐकू येतंय का हो? या... इकडे या!"

दोरी ओढली तर कितीही ओढावी तेवढी येतच राहिली.

तेव्हापासून ती उठलेली नाही. गोदामाचा मालक समजावून थकला, पहारेकरी रडून गेला. ती मांजराची गोष्ट संपवते आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू करते. घसा बसलाय, आवाज फाटलाय, पण थांबत नाही. कारण थांबली की तो गेला.

काल आतून "हं" आला. तिच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहिलं.

"मांजर माळ्यावर चढलं..." ती हुंदके देत म्हणाली.

"हं. बोलत राहा, वहिनी," मुकादम अगदी जवळून, सावकाश म्हणाला. "तो मागं आहे. त्याच्याआधी मी पोचतोय. आता थांबू मात्र नका हं..."

नवऱ्यानं उभ्या जन्मात कधी सिगरेटला हात लावला नव्हता. बोळातून ताज्या धुराचा वास येऊ लागला. वहिनी बोलतच राहिली.